धुतलेले मीठ

'स्मृतिचित्रे' न वाचताच ते वाचले आहे असे समजणारी पुष्कळ माणसे मराठीत आहेत. शाळेत एखादा उतारा अभ्यासाला असतो, टिळक पतिपत्नींच्या गमती कानांवर आलेल्या असतात आणि एक विनोदी, प्रेमळ, घरगुती पुस्तक अशी त्याची नोंद मनात होऊन जाते. मीही बरीच वर्षे याच मंडळींत होतो. ते पुस्तक मी सलग वाचले ते माझ्या आत्यासाठी, मोठ्याने, आणि अगदी आरंभीच अडखळलो.

आत्याविषयी आधी थोडे सांगितले पाहिजे. ती नऊ वर्षांची असताना जत्रेहून परतताना तिने धाकट्या भावाला वाटेवरच्या विहिरीचे पाणी पाजले. तिसऱ्या दिवशी तो पटकीने गेला. तिला कोणी एका शब्दाने बोलले नाही, असे ती सांगे. पण तेव्हापासून ती जी हात धुऊ लागली ती सत्तरी उलटली तरी धूतच होती. आमच्याकडे याला 'आत्याचे कडक सोवळे' म्हणत आणि आल्यागेल्याला ते कौतुकाने सांगत. तिच्या बोटांच्या बेचक्यांत बारमाही चिखल्या असत. मोतीबिंदू पिकेपर्यंत वाट पाहायची होती, तेवढे महिने तिला वाचून दाखवण्याचे काम माझ्याकडे आले.

लक्ष्मीबाई टिळकांनी आपली कहाणी आपल्या जन्मापासून सुरू केलेली नाही. ती सुरू होते एका फाशीपासून. १८५७ च्या डिसेंबरात त्र्यंबकेश्वरच्या खजिन्यावर भिल्ल आणि ठाकूर चालून गेले. त्या उठावात हात असल्याबद्दल वासुदेव भगवंत जोगळेकर यांना इंग्रजांनी फासावर दिले. हे लक्ष्मीबाईंच्या आईचे वडील. या घटनेचा त्यांच्या जावयाच्या, म्हणजे लक्ष्मीबाईंच्या वडिलांच्या मनावर असा परिणाम झाला की त्यांना सोवळ्याओवळ्याने कायमचे पछाडले. बाजारातून येणारी प्रत्येक वस्तू धुतल्याविना घरात येईना. धान्य धुतले जाई हे आपण समजू शकतो. पण त्या घरात मीठही धुतले जाई.

येथे आत्या हसली. मनापासून हसली. मग जरा वेळाने म्हणाली, "मीठ धुतल्यावर मागं राहायचं काय रे?"

तिच्या या प्रश्नाने मला ते पुस्तक पुन्हा पहिल्या ओळीपासून वाचायला लावले. आजवर आमच्या समीक्षकांनी लक्ष्मीबाईंचा विनोद वाखाणला, त्यांची बोलीभाषा वाखाणली, कधीही शाळेत न गेलेल्या बाईने असे गद्य लिहावे याचे आश्चर्य केले. हे सारे यथार्थच आहे. परंतु हा विनोद कशावर उभा आहे याची चौकशी फारशी झालेली दिसत नाही. लक्ष्मीबाईंचा जन्म १८६८ चा. म्हणजे फाशी झाली तेव्हा त्या जन्मालाही आल्या नव्हत्या. जी भीती त्यांनी पाहिलीच नाही तिच्या पाण्यात त्या वाढल्या. अलीकडे मानसशास्त्राची मंडळी ज्याला 'ट्रॉमा' म्हणतात आणि तो बापाकडून मुलांकडे उतरतो असे सांगतात, त्याचे याहून बोलके उदाहरण मराठी वाङ्मयात मला तरी आढळलेले नाही. धर्माच्या नावाखाली चाललेले ते सोवळे मुळात धर्म नव्हतेच. तो एका घाबरलेल्या माणसाचा आक्रोश होता. लक्ष्मीबाईंनी फाशी आणि मीठ शेजारी शेजारी ठेवले आणि त्यावर भाष्य केले नाही.

आता ख्रिस्ती आत्मकथनाचा एक ठरीव साचा आहे. त्यांच्या मंडळीत त्याला 'साक्ष' म्हणतात. आधी अंधार, मग हाक, मग बाप्तिस्मा आणि नंतर उजेडच उजेड. मी ख्रिस्ती नाही. अशा साक्षी मी वाचल्या आहेत त्या बाहेरच्या माणसाच्या संशयाने. बालपणीचे दुःख त्यांत बहुधा वकिलाने पुरावा मांडावा तसे मांडलेले असते. जितके ते काळे तितका पुढचा उजेड उठून दिसावा. 'स्मृतिचित्रे' या साच्यात बसत नाहीत. नारायण वामन टिळकांनी १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईत बाप्तिस्मा घेतला तेव्हा लक्ष्मीबाईंच्या दृष्टीने अंधार पडला तो त्या दिवशी. पुढे पाच वर्षे त्या ख्रिस्ती झाल्या नाहीत. नवऱ्याजवळ राहायला आल्यावरही त्यांनी आपले सोवळे सोडले नव्हते. बापाच्या घरात ज्या सोवळ्याने छळले तेच त्यांनी घट्ट धरून ठेवले होते, कारण संसार हातचा गेल्यावर ओळखीचे असे तेवढेच उरले होते. माणूस आपल्या जखमेलाही घर समजून राहतो.

मग एके दिवशी त्या एकट्याच विचार करत बसतात आणि देवाने माणसे निर्माण केली, जाती नव्हेत, अशा निर्णयाला येतात. उपदेशक समोर नाही, वादविवाद नाही. आणि त्यानंतर त्या इतरांच्या हातचे खाऊपिऊ लागतात. हे बाप्तिस्म्याच्या आधी घडले आहे. १९०० सालचा बाप्तिस्मा वाचताना मला तो जवळजवळ औपचारिक वाटला. खरी दीक्षा त्या परक्या हातच्या पाण्याची. जे पाणी त्यांच्या बापाच्या घरात जगाला बाहेर ठेवण्यासाठी ओतले जाई, तेच त्या आता परक्याच्या हातून पितात. कोणी याला ख्रिस्ताची कृपा म्हणेल, कोणी शहाणपण म्हणेल. लक्ष्मीबाईंचे म्हणणे पहिले आहे आणि ते त्यांच्या तोंडून ऐकले पाहिजे असे मी मानतो.

पण समीक्षक म्हणून माझे लक्ष दुसरीकडे आहे. ही बाई आपल्या बापाचा सूड घेत नाही. नव्या धर्माच्या उंचवट्यावर उभे राहून जुन्या घराकडे बोट दाखवण्याची आयती संधी होती, मिशनच्या वाचकांना ते आवडलेही असते. त्यांनी वडिलांना हास्यास्पद केले, पण दुष्ट केले नाही. त्या हसतात त्यात आईवरचे, भावंडांवरचे ओझे दिसते, आणि त्याच वाक्यात बापाची कीवही दिसते. ज्याची जखम चिघळलेली असते त्याला असे हसता येत नाही, हे मी आत्याकडे पाहून सांगतो. ती लक्ष्मीबाईंच्या वडिलांना हसली. स्वतःच्या हातांना मात्र जन्मात हसली नाही.

टिळकांची गोष्ट याहून अवघड आहे. त्यांचे वडील तापट, आई भक्त आणि काव्याची आवड असलेली. ती गेली तेव्हा ते अकरा वर्षांचे होते आणि त्यानंतर घर सोडून नाशिकला गेले. पुढे याच कवीने ख्रिस्ताला आई म्हणून हाक मारली. आई गेलेल्या मुलाने देवात आई शोधली, असे म्हणून मोकळे होण्याचा मोह येथे होतो. तो आवरला पाहिजे. देवाला माउली म्हणण्याची रीत आपल्याकडे पंढरीच्या वाटेवर शतकानुशतके आहे, आणि तुकोबांच्या पुलावरून आपण ख्रिस्ताकडे आलो असे टिळक स्वतःच सांगत. शिवाय टिळकांचा राग बाप्तिस्म्याने गेला नाही. 'स्मृतिचित्रे' याबाबत निर्दयपणे प्रामाणिक आहे. बापाचा कोप मुलात उतरलेला दिसतो, १८९५ च्या आधी दिसतो तसाच नंतरही दिसतो. तो येतो, जातो, पश्चात्ताप होतो, पुन्हा येतो. श्रद्धेने माणूस बरा झाला असे सांगणाऱ्या कितीतरी पुस्तकांवरचा माझा विश्वास याच ठिकाणी उडतो, कारण ती हे सांगत नाहीत. लक्ष्मीबाई सांगतात, म्हणून त्यांच्या बाकीच्या सांगण्यावर माझा विश्वास बसतो.

या पुस्तकाशेजारी पंडिता रमाबाईंचे आत्मनिवेदन ठेवून पाहावे असे मला पुष्कळ दिवस वाटत होते. रमाबाईंनी आपली साक्ष १९०७ साली इंग्रजीत लिहिली, मराठीत ती नंतर आली. त्याआधी १८९७ साली दुष्काळाचे अनुभव त्यांनी वेगळे लिहिले होते. दिवाळीच्या फराळाशेजारी हे वाचायला देणे रुचीला धरून नाही, वाचकांनी क्षमा करावी. अनंतशास्त्री डोंगरे पुराणे सांगत तीर्थोतीर्थी हिंडत. जवळचे होते ते दानधर्मात गेले आणि दुष्काळ आला. अकरा दिवस ते कुटुंब रानात पाल्यावर आणि पाण्यावर राहिले. वृद्ध, आंधळ्या बापाने पवित्र तळ्यात देह ठेवण्याचे ठरवले होते. मुलगा मजुरी करायला तयार झाला म्हणून तो बेत राहिला. १८७४ मध्ये काही महिन्यांच्या अंतराने वडील गेले, आई गेली, पाठोपाठ थोरली बहीण. उरलेली दोघे भावंडे वर्षानुवर्षे पायी भटकली. पंजाबात झेलमच्या काठी थंडीने जीव जाऊ नये म्हणून दोघांनी वाळूत खड्डे खणले, त्यांत निजून गळ्यापर्यंत कोरडी वाळू ओढून घेतली.

रमाबाईंना यावर हसता येत नाही, आणि त्यांनी हसावे अशी अपेक्षा करणारा मी कोण? त्यांची साक्ष साच्यात बसते. त्या शास्त्रांवर आरोप करतात, युक्तिवाद करतात आणि त्या ओघात गद्य कोरडे पडते. मात्र बापाने अखेरचे जवळ घेऊन मुलीला निरोप दिला तो प्रसंग आला की युक्तिवाद थांबतो. ज्या धर्माला त्या दोष देतात त्याच धर्माचा तो माणूस, आणि त्याच्या मायेत त्यांना बोट ठेवायला जागा सापडत नाही. या एका फटीतून मला ते सारे लेखन जिवंत वाटते. आणखी एक. १८८३ मध्ये इंग्लंडात बाप्तिस्मा झाला तरी आपल्याला शांती लाभली नव्हती, धर्म मिळाला होता, ख्रिस्त नव्हता, तो पुढे सुमारे आठ वर्षांनी भेटला, असे त्यांनीच लिहून ठेवले आहे. हे कबूल करायला धैर्य लागते. पाठीराख्यांना असली कबुली फारशी रुचत नसते.

पण रमाबाईंचे बरे होणे मला त्यांच्या साक्षीपेक्षा १८९७ च्या त्या छोट्या लेखनात अधिक दिसते. मध्य प्रांतात दुष्काळ पडला तेव्हा आपले जुने दिवस आठवून त्या आतून हलल्या, आणि तरीही गेल्या. उपाशी मुलींना पाहिले आणि शेकडोंना घेऊन परत आल्या. केडगावचे 'मुक्ती' अशा रीतीने भरले. १९०० च्या दुष्काळानंतर तेथील माणसांची संख्या दोन हजारांच्या आसपास गेली होती. रमाबाईंनी आपले बालपण विसरले नाही. त्या त्याच रानात परत गेल्या, मात्र या वेळी त्यांच्याजवळ धान्य होते.

त्यांनी केलेल्या बायबलच्या भाषांतराकडेही मी याच दृष्टीने पाहतो. ज्या मुलीला आईने लहानपणी संस्कृत पाठ करून घेतले, पुराणे म्हणून जिने भूक भागवली, किंवा भागवता आली नाही, तिने म्हातारपणी हिब्रू आणि ग्रीक शिकून मराठी बायबल केले आणि त्यातून संस्कृत शब्द होता होईल तितके वगळले. भाषेच्या दृष्टीने या हट्टाचा परिणाम नेहमी चांगला झाला असे मी म्हणणार नाही. पुष्कळ ठिकाणी ते गद्य खडबडते, आणि शब्द टाळण्याच्या आग्रहात अर्थाची छटाही जाते. परंतु ऐकणाऱ्याला न कळणारे शब्द म्हणत आईबाप गेलेले जिने पाहिले, तिला अडाणी बाईला कळेल असाच शब्द हवा होता. १९२१ मध्ये एकुलती मुलगी मनोरमा गेली. रमाबाईंनी काम पुरे केले आणि ५ एप्रिल १९२२ रोजी त्या गेल्या. 'मुक्ती'तल्या बायकांनी खिळे जुळवून छापलेले ते पुस्तक १९२४ साली बाहेर आले.

दोघींची तुलना करून एकीला वरचा नंबर देण्याचा माझा विचार नाही. तरी वाङ्मय म्हणून विचाराल तर मी 'स्मृतिचित्रे'कडेच परत जाईन. रमाबाईंच्या श्रद्धेने त्यांना हाताला काम दिले. लक्ष्मीबाईंच्या श्रद्धेने कामही दिले, पोरकी मुले त्यांनीही वाढवली, टिळकांचे अपुरे राहिलेले 'ख्रिस्तायन' त्यांनीच पुरे केले. पण त्याखेरीज एक सैल, मोकळी वाक्यरचना दिली, जिच्यात बापाचा वेडेपणा, नवऱ्याचा संताप आणि स्वतःची फजिती सारख्याच सहजतेने नांदतात. ही भाषा भ्यालेल्या माणसाची नव्हे. १९३६ मध्ये त्या गेल्या तेव्हाही लिहीतच होत्या.

आत्याला मी हे कधी बोलून दाखवले नाही. तिच्या सोवळ्याचे मूळ त्या विहिरीत आहे हे घरात सर्वांना ठाऊक होते आणि कोणीच म्हणत नव्हते. लक्ष्मीबाई परक्या हातचे पाणी पितात तो भाग मी वाचला त्या संध्याकाळी ती काही बोलली नाही. दिवा लावायला उठली, हात धुतले, पुन्हा धुतले. मोतीबिंदू निघाल्यावर तिने पुस्तक माझ्याकडून मागून नेले आणि वर्षभर परत केले नाही. परत आले तेव्हा त्याच्या पानांच्या कडा फुगून आल्या होत्या, आणि आरंभीची आणि त्या पाण्याची पाने तर एकमेकांना चिकटली होती. ती ती ओल्या हातांनीच वाचत असावी.