सिल्व्हिया चँग : अष्टपैलुत्वाचा निराळा अर्थ

नटीच्या अष्टपैलुत्वाची सर्वसाधारण कल्पना वेषांतराच्या पलीकडे फारशी जात नाहीं. आज राणी, उद्यां भिकारीण, परवां वेडी. जितकीं सोंगें अधिक, तितकी नटी थोर, असा हिशेब होत असतो. तैवानांतील चियाई येथें १९५३ सालीं जन्मलेल्या सिल्व्हिया चँग यांची कारकीर्द या हिशेबांत बसत नाहीं, आणि म्हणूनच ती विचारास घेण्यासारखी आहे.

विविधता त्यांच्या कामांत नाहीं असें नव्हे. किंग हू यांच्या ‘लीजंड ऑफ द माउंटन’ (१९७९) या अद्भुतकथेंत त्या आहेत. ‘एसेस गो प्लेसेस’ (१९८२) या धांगडधिंग्याच्या बोलपटांत त्या पोलीस अधिकारी होतात. या दुसऱ्या भूमिकेंत चातुर्य आहे. अंतःकरण ओतावयास मात्र तेथें जागाच नाहीं.

तें ओतावयास जागा मिळाली ती एडवर्ड यँग यांच्या ‘दॅट डे, ऑन द बीच’ (१९८३) मध्यें. बापानें ठरविलेलें लग्न टाळण्यासाठीं घर सोडणारी आणि मनाजोगें लग्न करूनहि एकाकी राहणारी च्या-ली त्यांनीं उभी केली आहे. समुद्रकिनाऱ्यावरून नाहींसा झालेला नवरा बुडाला कीं निघून गेला, याचें उत्तर चित्रपट देत नाहीं. उत्तरावांचून जगण्याचें बळ तिच्या चर्येवर हळूहळू येत जातें, हाच त्या पावणेतीन तासांचा खरा कथाभाग होय.

अँग ली यांच्या ‘ईट ड्रिंक मॅन वुमन’ (१९९४) मधील त्यांची भूमिका लहानच. म्हातारा आचारी त्यांच्या मुलीला शाळेंत सुग्रास डबा नेऊन देतो आणि आईनें केलेला बेचव डबा स्वतः मुकाट्यानें खातो. त्या आईचा संकोच चँग यांनीं इतक्या सौम्यपणें दाखविला आहे कीं, शेवटीं म्हाताऱ्याच्या लग्नाची वार्ता घरच्यांना धक्का देते, पण सावध प्रेक्षकाला ती खोटी वाटत नाहीं.

लेखन व दिग्दर्शन यांच्या मागें लागून त्यांनीं आपली अभिनयशक्ति विखुरली, असा आक्षेप घेतां येईल. आम्हांस तो पटत नाहीं. स्वतः दिग्दर्शित केलेल्या ‘पॅशन’ (१९८६) मधील भूमिकेसाठींच त्यांना तैवानचें ‘गोल्डन हॉर्स’ पारितोषिक मिळालें. ‘लव्ह एज्युकेशन’ (२०१७) मध्यें वडिलांची कबर खेड्यांतून हलवून आईशेजारीं नेऊं पाहणाऱ्या मुलीचें काम त्यांनीं केलें आहे. वडिलांची पहिली बायको ती हलवूं देत नाहीं. दिग्दर्शनाचीं सूत्रें हातीं असतांहि त्यांनीं हट्ट आपल्या वाट्यास घेतला व करुणा त्या म्हातारीच्या पदरांत टाकली. ही उदारता केवळ नटीला साधती ना.

‘ए लाइट नेव्हर गोज आउट’ (२०२२) मध्यें, निऑनच्या पाट्या घडविणाऱ्या कारागिराच्या विधवेच्या भूमिकेनें त्यांना वयाच्या ६९ व्या वर्षीं पुन्हा तेंच पारितोषिक मिळवून दिलें. गेलेल्या माणसाचें अपुरें राहिलेलें मागें उरलेल्या स्त्रीनें हातीं घ्यावें, हें सूत्र येथेंहि आहे. माणूस तेंच ठेवून त्याचें वय, दुःख आणि समज बदलत नेणें, हें सोंगें पालटण्याहून कठीण. चँग यांचें अष्टपैलुत्व तें हें.