काळी नदी, तांबडी माती

जमैकात चौदा पॅरिश आहेत. पॅरिश म्हणजे तिथला जिल्हाच. त्यांपैकी नैऋत्येची सेंट एलिझाबेथ बघावी ती पाण्याच्या वाटणीसाठी. उत्तरेला कॉकपिट कंट्रीचे चुनखडीचे डोंगर, मधे विस्तीर्ण दलदल आणि दक्षिणेला पावसाला पारखी झालेली पेड्रो प्लेन्स. एवढ्याशा मुलखात निसर्गाने तीन निरनिराळे सूर लावले आहेत आणि माणसांनी प्रत्येकाला नेमकी साथ दिली आहे.

या दलदलीतून वाहणारी ब्लॅक रिव्हर नावाप्रमाणे काळी दिसते, पण तिचे पाणी ओंजळीत घ्यावे तर नितळ. काळेपण तळाशी कुजत पडलेल्या पानापाचोळ्याचे. मगरींच्या या दलदलीलगतच्या मिडल क्वार्टर्स गावात बांबूचे सापळे लावून नदीतले झिंगे धरतात. मीठ आणि स्कॉच बॉनेट मिरची घालून शिजवलेले लालभडक झिंगे बायका पिशव्यांत भरून हमरस्त्यावर विकतात. मसाल्यांची गर्दी नाही, सजावट नाही. असा संयम मुरलेल्या हातालाच जमतो.

खरी कारागिरी मात्र पेड्रो प्लेन्सच्या तांबड्या मातीत. सांताक्रूझचे डोंगर पाऊस अडवतात, म्हणून शेतकरी गिनी गवत कापून शेतभर जाड पसरतात आणि ते जागोजागी फाकवून कांद्याची पात, टोमॅटो, कलिंगड लावतात. वर ऊन रणरणत असले तरी गवताखालची माती बोटांना ओलसर लागते. शिवाय आच्छादनामुळे तण दबते आणि तेच गवत कुजून जमिनीत मिसळते. कोरडवाहू शेती करणारा आपल्याकडचा कुणीही या हाताला मनापासून दाद देईल.

वर डोंगरात मरून लोकांचे आकॉम्पाँग गाव आहे. गुलामीतून निसटलेल्या या लोकांशी, त्यांच्या कजो या म्होरक्याशी, इंग्रजांना १७३९ मध्ये तह करावा लागला. पळून आलेल्या गुलामांना परत करण्याची कडू अटही त्यात होती. ती झाकून हा इतिहास वाचू नये. दरवर्षी ६ जानेवारीला इथे आबेंग घुमतो. गाईच्या या शिंगात टोकाने फुंकत नाहीत. फुंकायचे भोक आतल्या वळणाच्या बाजूला असते. टोकाच्या बारीक छिद्रावर अंगठा ठेवला-उचलला की स्वर बदलतो. कधीकाळी याच दोन-तीन स्वरांनी डोंगरापलीकडे इशारे पोचत. इतक्या थोडक्या स्वरांत एवढे बोलणारे वाद्य विरळाच.

जुलै २०२४ मध्ये बेरिल वादळाने इथली शेते झोडपली. ऑक्टोबर २०२५ मध्ये मेलिसा वादळाने इथल्या ब्लॅक रिव्हर शहराची दैना केली. तरीही जमैकाचे अन्नाचे कोठार म्हणून नाव घेतले जाते ते याच पॅरिशचे. बेटावरच्या सर्वांत कोरड्या भागांपैकी एक पोटात असलेल्या पॅरिशने हे नाव कमवावे, यातच इथल्या शेतकऱ्याची थोरवी आहे.