वेब ब्राउझरमधील सामायिक लायब्ररी : एका तंत्ररचनेची चिकित्सा

प्रास्ताविक :

संगणकीय साधनांचे मूल्यमापन बहुधा वेग आणि सोय या दोनच निकषांवर केले जाते. ज्या साधनाच्या आधारावर इतरांची निर्मिती उभी राहते, त्याच्या बाबतीत मात्र तिसरा निकषही लावणे आवश्यक ठरते. साधन नाहीसे झाल्यावर त्या निर्मितीचे काय होते, हा तो निकष होय. सुमारे दोन दशके वेब ब्राउझरच्या क्षमतेत भर घालणाऱ्या सामायिक लायब्ररी फाइलींची या तिन्ही निकषांवर चिकित्सा करणे, हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

स्वरूप :

अनेक प्रोग्रॅमना समान लागणारी कार्ये यंत्रभाषेत रूपांतरित करून एका फाईलमध्ये ठेवावयाची व प्रोग्रॅम चालू असताना ती फाईल स्मृतीत आणावयाची, ही सामायिक लायब्ररीमागील मूळ कल्पना आहे. विंडोजवर अशी फाईल ‘डीएलएल’, तर लिनक्सवर ‘एसओ’ या प्रत्ययाने ओळखली जाते. १९९६ मध्ये आलेल्या नेटस्केप नेव्हिगेटर २.० ने ही कल्पना ब्राउझरमध्ये आणली. तिच्यातूनच एनपीएपीआय ही प्लग-इनची पद्धती रूढ झाली. विंडोजवर ब्राउझर ‘एनपी’ या अक्षरांनी सुरू होणाऱ्या डीएलएल फाइली प्लग-इनसाठी राखलेल्या फोल्डरात शोधत असे. कोणत्या प्रकारच्या मजकुरासाठी कोणती लायब्ररी, हे त्या फाईलमधील नोंदीवरून त्याला कळत असे. मायक्रोसॉफ्टने त्याच वर्षी इंटरनेट एक्सप्लोरर ३.० मध्ये ॲक्टिव्हएक्सचा निराळा मार्ग स्वीकारला; परंतु तेथेही यंत्रभाषेतील फाईल ब्राउझरमध्येच सामावून घेतली जाई.

प्लग-इन आणि विस्तारक अर्थात एक्स्टेंशन यांत भेद करणे येथे उचित ठरेल. फायरफॉक्सचे जुने विस्तारक प्रामुख्याने जावास्क्रिप्टमध्ये लिहिलेले असत. तथापि, संगणकाच्या ज्या सुविधांपर्यंत जावास्क्रिप्ट पोहोचू शकत नसे, त्यांच्यासाठी काही विस्तारक एक्सपीकॉमचे यंत्रभाषेतील घटक किंवा पुढील काळात जेएस-सीटाइप्स यांच्या साहाय्याने सामायिक लायब्ररीचाच आश्रय घेत. दोहोंचे मार्ग भिन्न असले, तरी भिस्त एकाच प्रकारच्या फाईलवर होती.

गुणविचार :

या रचनेचे श्रेय नाकारणे अन्यायाचे होईल. तत्कालीन ब्राउझरला चलच्चित्र दाखविता येत नव्हते आणि सचेतन रेखाचित्रेही रंगविता येत नव्हती. ब्राउझर निर्मात्याच्या संमतीची वाट न पाहता कोणालाही ही उणीव भरून काढता आली, ती सामायिक लायब्ररीमुळे. पीडीएफ, फ्लॅश आणि जावा यांचा वेबवरील प्रसार याच वाटेने झाला. शिक्षणक्षेत्रालाही तिचा लाभ झाला. भौतिकशास्त्रज्ञ कार्ल वीमन यांनी २००२ मध्ये कोलोरॅडो विद्यापीठात सुरू केलेल्या ‘फेट’ प्रकल्पातील आरंभीची प्रयोग-प्रतिरूपे जावा व फ्लॅशमध्येच घडली. पुढे त्यांतील अनेक प्रतिरूपे मराठीतही उपलब्ध झाली.

दोषविचार :

दोषांचे मूळ मात्र ‘सामायिक’ या शब्दातच आहे. लायब्ररी ब्राउझरच्या स्वतःच्या स्मृतिक्षेत्रात उतरत असल्याने ब्राउझरला संगणकावर जे अधिकार, तेच तिलाही आपोआप मिळत. पाहुण्याला ओसरीवर न थांबविता थेट माजघरात न्यावे, तसा हा प्रकार होता. यातून तीन दोष संभवले. पहिला अस्थैर्याचा. प्लग-इन कोसळले की संपूर्ण ब्राउझर कोसळत असे. फायरफॉक्सने जून २०१० मध्ये ३.६.४ या आवृत्तीत प्लग-इनसाठी स्वतंत्र प्रक्रिया योजून हा दोष सौम्य केला. दुसरा असुरक्षिततेचा. लायब्ररीतील एखादी चूक म्हणजे वापरकर्त्याच्या सर्व फाइलींकडे जाणारी वाट ठरे. जानेवारी २०१३ मध्ये अमेरिकेच्या अंतर्गत सुरक्षा विभागाने ब्राउझरमधील जावा बंद ठेवण्याचा सल्ला दिला, तो याच कारणाने. तिसरा दोष पराधीनतेचा. यंत्रभाषेतील फाईल विशिष्ट कार्यप्रणालीशी व प्रक्रियकाशी जखडलेली असते. ३२-बिट लायब्ररी ६४-बिट ब्राउझरच्या प्रक्रियेत थेट उतरूच शकत नाही.

या दोषांमुळे तिचा अस्त अटळ झाला. क्रोमने सप्टेंबर २०१५ मध्ये ४५व्या आवृत्तीत एनपीएपीआय काढून टाकले. फायरफॉक्सने मार्च २०१७ मध्ये ५२व्या आवृत्तीपासून फ्लॅशखेरीज इतर प्लग-इन वगळली आणि त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये ५७व्या आवृत्तीत जुने विस्तारकही बंद केले. ३१ डिसेंबर २०२० रोजी अडोबीने फ्लॅशचा आधार थांबविला. सुरक्षेच्या दृष्टीने हे निर्णय योग्यच होते, याविषयी दुमत संभवत नाही.

तिसरा निकष :

तथापि, दोषी साधन हटविले म्हणून त्यावर उभ्या राहिलेल्या निर्मितीचा प्रश्न सुटत नाही. येथे दोन उदाहरणांची तुलना उद्बोधक ठरते. फ्लॅशच्या एसडब्ल्यूएफ या फाईलरचनेचे वर्णन प्रसिद्ध झालेले होते आणि २००८ मध्ये त्याच्या वापरावरील निर्बंधही उठविण्यात आले. परिणामी, मूळ लायब्ररीचा आधार न घेता या फाइली चालविणारा ‘रफल’ हा मुक्त प्रोग्रॅम लिहिता आला. नोव्हेंबर २०२० पासून इंटरनेट आर्काइव्हने त्याच्याच साहाय्याने फ्लॅशमधील सचेतनपटांचे जतन आरंभिले. याउलट, २०१९ मध्ये बंद झालेल्या शॉकवेव्ह प्लेयरसाठी डिरेक्टरमध्ये घडविलेल्या फाइलींच्या रचनेचे वर्णन तितके खुले नव्हते. तिचा उलगडा अभ्यासकांना तयार फाइलींवरून उलट्या क्रमाने करावा लागला. ‘फेट’ची प्रतिरूपे तिसऱ्याच मार्गाने तरली. मूळ लेखन निर्मात्यांच्या हाती असल्याने त्यांतील अनेक प्रतिरूपे एचटीएमएल ५ मध्ये नव्याने लिहिता आली.

या उदाहरणांवरून असे दिसते की, निर्मितीचे आयुष्य लायब्ररीच्या गुणवत्तेवर अवलंबून नसते. ते लिखित वर्णनाच्या व मूळ लेखनाच्या उपलब्धतेवर अवलंबून असते. ब्राउझर निर्मात्यांनी लायब्ररीचा त्याग करताना सुरक्षेचा विचार पुरेसा केला. जतनाचा भार मात्र प्रामुख्याने ग्रंथपाल, संग्राहक व स्वयंसेवक यांच्यावर पडला. या संक्रमणातील हे खरे न्यून होय.

समारोप :

आधुनिक विस्तारकांसाठी ‘नेटिव्ह मेसेजिंग’ ही पर्यायी पद्धती योजण्यात आली आहे. तीत यंत्रभाषेतील प्रोग्रॅम ब्राउझरबाहेर स्वतंत्र राहतो व दोघांत केवळ ठरावीक स्वरूपाच्या संदेशांची देवाणघेवाण होते. स्मृती सामायिक न करता केवळ भाषा सामायिक करण्याचा हा मार्ग पहिल्याहून निश्चितच अधिक विवेकी आहे. महाविद्यालयांतून आजही अध्यापनसाहित्य निर्माण होते, विकत घेतले जाते आणि संग्रही ठेवले जाते. त्याच्या निवडीच्या वेळी ते आज चालते की नाही, एवढेच पाहणे पुरेसे नाही. ते चालविणारी फाईल उद्या हटविली गेल्यास दुसऱ्या कोणाला ते पुन्हा चालविता येईल काय, हा प्रश्न खरेदीपूर्वीच विचारला जावयास हवा. ज्याचे मूळ लेखन अथवा रचनेचे खुले वर्णन संस्थेपाशी नाही, ते साहित्य संस्थेच्या संग्रही असूनही तिच्या स्वाधीन असत नाही.