कोण कोणाचे आभार मानतंय? ‘हॉलिवूड कँटीन’ साधन म्हणून पाहताना

पीएचडीच्या पहिल्या वर्षी मी एका टिपणात लिहिलं होतं, ‘युद्धकाळात हॉलिवूडच्या कलाकारांनी निःस्वार्थ सेवा केली.’ गाईडनी समासात दोनच शब्द लिहिले: ‘कोण म्हणतं?’ उत्तर शोधताना लक्षात आलं की माझा सगळा पुरावा म्हणजे एकच सिनेमा, आणि तोही त्याच कलाकारांचा!

आधी पार्श्वभूमी बघा. बेटी डेव्हिस आणि जॉन गारफिल्ड यांच्या पुढाकारातून ३ ऑक्टोबर १९४२ रोजी लॉस एंजेलिसमध्ये हॉलिवूड कँटीन सुरू झालं. गणवेश हेच तिकीट. जेवण, नाच, गाणी सगळं फुकट. तारका स्वतः वाढायच्या, सैनिकांबरोबर नाचायच्या. हे खरंच घडलं, त्यावर माझा आक्षेप नाही.

आक्षेप आहे तो डेल्मर डेव्हजच्या १९४४च्या ‘हॉलिवूड कँटीन’वर. पॅसिफिकमध्ये जखमी झालेला स्लिम कँटीनचा दहा लाखावा पाहुणा ठरतो आणि त्याला त्याची आवडती जोन लेस्ली भेटते. जोन इथे ‘जोन लेस्ली’चीच भूमिका करते. कँटीन होतं सैनिकांचे आभार मानायला. पडद्यावर मात्र सैनिकच भारावून तारकांकडे पाहत राहतो. कृतज्ञतेची दिशाच उलटी झाली! सिनेमा फसतो तो इथेच.

आता पडद्याबाहेर या. उत्पन्नाचा वाटा कँटीनला जाणार होता, तरी असल्या सिनेमात कलाकारांना मानधन किती द्यायचं यावरून वॉर्नर ब्रदर्स आणि स्क्रीन अ‍ॅक्टर्स गिल्ड यांच्यात वाद झाला नि चित्रीकरण थांबलं. म्हणजे ‘सेवा’ आणि ‘काम’ यांच्यातली रेघ तेव्हाच वादात होती. शिवाय कँटीनची जागा उभी करायला स्टुडिओंमधल्या कारागिरांनी फुकट राबून हातभार लावला होता. त्यांच्यासाठी कथेत जागा नाही.

मग हा सिनेमा साधन म्हणून टाकून द्यायचा? मुळीच नाही. फक्त प्रश्न बदला. ‘कँटीन कसं होतं?’ याचं उत्तर त्याच्याकडून घेऊ नका. ‘आपल्या दानाकडे लोकांनी कसं पाहावं असं स्टुडिओला वाटत होतं?’ हे विचारा. त्यासाठी याहून चांगलं साधन क्वचितच मिळेल.

माझं ते वाक्य शेवटी असं झालं: ‘कलाकारांनी सेवा केली आणि स्टुडिओने ती सेवा पडद्यावर विकली.’ सिनॉप्सिस लिहिताना तुमचंही एखादं गुळगुळीत वाक्य काढा आणि समासात तेच दोन शब्द लिहून बघा.