ह-नंतरचा ळ

तत्त्वज्ञानाच्या माणसानं सॉफ्टवेअरवर का बोलावं, असं कुणाला वाटेल. क्रम म्हणजे काय, हा प्रश्न मुळात आमच्याच दुकानातला आहे, म्हणून.

एसक्यूलाइट हे नाव तुम्ही ऐकलं नसेल, पण ते तुमच्या खिशातल्या फोनमध्ये आहे. रिचर्ड हिप यांनी 2000 साली ते काढलं. वेगळा सर्व्हर लागत नाही. विंडोजवर एक डीएलएल फाइल, लिनक्सवर एक डॉट-एसओ, आणि माहिती दुसऱ्या एका फाइलमध्ये. पैसाही नाही. वाचनालयाची सभासदयादी असो की शब्दकोशाचं अ‍ॅप, साध्या माणसाची ही कोठी आहे आणि आम्हाला तिचं कौतुकच आहे.

आता हिच्यात गावांची नावं भरा आणि क्रमानं मागा. आपलं वाळूज आधी येतं, वाशिम मागून. शाळेत आपण 'श, ष, स, ह, ळ, क्ष, ज्ञ' असं घोकलं. त्या हिशेबानं वाळूज मागे हवं. आडनावांत तर क्षीरसागर शेवटी न मिळता कोल्हे आणि खरे यांच्या मधे सापडतात!

असं का? ही लायब्ररी अक्षरं वाचतच नाही, बाइट तोलते. युनिकोडच्या तक्त्यात ळ हा ल-शेजारी बसलाय, कारण तो तक्ता 1988च्या इस्की या भारतीय संकेतावरून आला, आणि इस्कीत अनेक लिप्यांना एकच आराखडा होता. तिथला आकडा ही अक्षराची ओळख. त्यावरून क्रम लावणं म्हणजे खुर्चीच्या नंबरावरून थोरला-धाकटा ठरवणं.

'यंत्र तटस्थ असतं' असं म्हणतात. आम्हाला पटत नाही. इंग्रजीच्या 26 अक्षरांत लहान-मोठं सारखं मानायची सोय आतच दिलीय, बाकीच्या लिप्यांना ती नाही. कर्ते कारण सांगतात की, तेवढे तक्ते घातले तर लायब्ररीचा आकार जवळजवळ दुप्पट होईल. कारण प्रामाणिक आहे. पण हा हलकेपणा कुणाचं ओझं बाहेर ठेवून मिळाला, हे विचारायला नको?

उपाय आहे. आयसीयू नावाची जोडणी लावता येते, किंवा तुलनेचा नियम आपण लिहून देऊ शकतो. मेख पुढे आहे. माहितीच्या फाइलमध्ये त्या नियमाचं फक्त नाव साठतं. नियम प्रोग्राममध्येच राहतो. तीच फाइल दुसऱ्या संगणकावर नेली आणि तिथल्या प्रोग्रामला तो नियम ठाऊक नसला, की यादी क्रमानं मागताच काम अडतं. नाव पोचलं, अर्थ मागे राहिला. (शब्द आणि अर्थ यांचं नातं नित्य मानणाऱ्या मीमांसकांना हे दाखवायला हवं होतं.) 'सगळं एकाच फाइलमध्ये' ही जी तिची ख्याती, ती मराठी यादीपुरती आम्ही मान्य करत नाही.

तोवर मराठी याद्या करणाऱ्यांनी एक करावं. नावाशेजारी आणखी एक रकाना ठेवावा, त्यात ळ-ला ह-पुढचा आणि क्ष-ला त्याच्याही पुढचा आकडा देऊन नाव पुन्हा लिहावं, आणि क्रम त्या रकान्यावर लावावा. फाइल जाईल तिथे तो रकाना जातो.