फडावरून अयोध्येत : जयश्री गडकर

जयश्री गडकर यांचं नाव काढलं की दोन पिढ्या दोन वेगळ्याच बायांबद्दल बोलू लागतात. थोरांना आठवते नऊवारीतली, घुंगरं बांधलेली फडावरची नायिका; धाकट्यांना दूरदर्शनच्या 'रामायणा'तली कौसल्या. मधल्या वाटेबद्दल आपल्याकडे एक ठरलेलं वाक्य आहे: बाई तमाशापटातून थेट देवघरात गेल्या. ते ऐकायला बरं वाटतं, पण त्यात त्यांच्या कामाची निम्मी ओळख पुसली जाते, असं माझं मत आहे.

बाई आपल्या सीमाभागातल्या. जन्म १९४२ चा, सदाशिवगडाजवळच्या कणसगिरीचा, कोकणी बोलणाऱ्या घरातला. कारवारचा हा मुलूख तेव्हा मुंबई प्रांतात होता. १९५६ साली तो म्हैसूर राज्यात गेला. घाटावरची अस्सल फडकरीण म्हणून महाराष्ट्राने जिला डोक्यावर घेतलं, तिच्या घरची बोली समुद्रकाठची होती, हे मुद्दाम ध्यानात ठेवायला हवं. तो ठसका उपजत नव्हे, कमावलेला होता.

'झनक झनक पायल बाजे' (१९५५) मध्ये त्या समूहनृत्यातली एक मुलगी होत्या. चारच वर्षांनी अनंत माने यांचा 'सांगत्ये ऐका' आला आणि पुण्याच्या विजयानंदला १३१ आठवडे चालला. हंसा वाडकर त्यात होत्याच. पण बुगडीच्या लावणीने गडकरांचं नाव घरोघरी गेलं. शब्द गदिमांचे, चाल वसंत पवारांची, गळा आशाबाईंचा. मग बाईंचं काय? तर अदा. ती लावणी एकदा आवाज बंद करून पाहा. दुसऱ्याच्या गळ्यातला शब्द आपल्या ओठांवर, डोळ्यांत नि मानेत खरा करून दाखवायचा, हे लावणीचं खरं कसब. पायांपेक्षा चेहऱ्याचंच काम जास्त.

हाच चेहरा पुढे निरनिराळ्या घरांत वावरला. अण्णाभाऊ साठे यांच्या कादंबरीवरच्या 'वैजयंता'त (१९६१) तो फडावर आहे. त्याच वर्षीच्या 'मानिनी'त, आपल्या गोव्याच्या महादेवशास्त्री जोशींच्या कथेत, तो सासरचा मान जपतो. भालजींच्या 'साधी माणसं'मध्ये (१९६५) तो लोहाराच्या भट्टीपाशी आहे. म्हणजे सोसणारी, घरंदाज बाई त्यांनी छोट्या पडद्याच्या कितीतरी आधी केली होती. तमाशातून त्यांना कुणी बाहेर काढलं, असं म्हणायला जागाच नाही.

'रामायण' सुरू झालं २५ जानेवारी १९८७ ला. रविवारची सकाळ, रस्ते ओस, एका टीव्हीपुढे निम्मी आळी. रामानंद सागर यांची पद्धत अशी की एकाने वाक्य बोललं, की कॅमेरा सावकाश एकेका चेहऱ्यावर जाणार. पुष्कळ नट तिथे नुसते थांबलेले दिसतात. गडकर थांबत नाहीत. राम वनवासाचं सांगतो तेव्हा आधी न कळणं, मग कळणं, मग कळूनही आईपण सांभाळणं, हे सगळं त्या चेहऱ्यानेच पार पाडतात. ही तालीम फडाच्याच चित्रपटांत झालेली. फरक इतकाच, की तेव्हा ओठांवर दुसऱ्याचा गळा होता, आता समोर दुसऱ्याचं बोलणं. शिवाय दशरथ झालेले बाळ धुरी हे त्यांचे यजमानच. दोघांच्या प्रसंगांतला सहजपणा उसना वाटत नाही.

आता तक्रार. त्या राजवाड्यात मंथरा ललिता पवार, कैकेयी पद्मा खन्ना, कौसल्या गडकर. गाण्या-नाचाच्या सिनेमात मुरलेल्या बाया एका छताखाली. पण मालिकेने पवार आणि खन्ना यांना बोलायला दिलं, गडकरांना सोसायला. 'सवाल माझा ऐका' (१९६४) नावाच्या चित्रपटाची ही नायिका. सवाल टाकणं ही तिची ओळख. आणि वाल्मीकींची कौसल्या काही गप्प बसणारी नाही. सवतींकडून झालेला अपमान ती रामाला उघड सांगते, राम गेल्यावर दशरथाला तोंडावर बोल लावते. हा सवाल करायला गडकरांइतकी तयारीची नटी दुसरी नव्हती. पण मालिकेचा कल तुलसीदासांच्या सोशिक माउलीकडे राहिला, आणि हाताशी आलेली संधी वाया गेली.

म्हणूनच मला देवघराचं ते वाक्य खटकतं. त्यात बढतीचा सूर आहे. जणू फड खालचा आणि अयोध्या वरची. कौसल्येत जे जिवंत आहे ते फडाच्या चित्रपटांनीच दिलेलं. जे उणं आहे, ते त्या चित्रपटांतलं पुरेसं न घेतल्यामुळे. त्यांच्या गावाकडच्या आपण लोकांनी तरी ही जोडी तोडू नये. 'रामायणा'तला निरोपाचा प्रसंग आणि बुगडीची लावणी एकापाठोपाठ पाहा. मान वळवण्याची लकब तीच आहे.