संहिता आणि तत्त्वचिंतन : इसाडोर ट्वर्स्की यांचे मायमोनिडीस-विवेचन

धर्मनिर्बंधांच्या संहितेकडे वाङ्मयकृती म्हणून पाहण्याची रीत फारशी कोठे नाही. संहिता उघडावयाची ती निर्णयासाठी, आणि निर्णय हाती लागला की मिटावयाची. तिची भाषा अमुकच का, एखादा भाग अमुकच वाक्यावर का थांबतो, असे प्रश्न तिला सहसा कोणी विचारीत नाही. मायमोनिडीसच्या 'मिश्ने तोरा' या चौदा भागांच्या महासंहितेला असे प्रश्न चिकाटीने विचारणारा अभ्यासक म्हणजे इसाडोर ट्वर्स्की (१९३०–१९९७).

ट्वर्स्की हे हार्वर्ड विद्यापीठात हॅरी वुल्फसन यांचे शिष्य आणि पुढे त्यांच्याच अध्यासनाचे उत्तराधिकारी होते. त्याचबरोबर तालनेर या हसीदी परंपरेचे गुरुपदही वडिलांच्या पश्चात त्यांच्याकडे आले. विद्यापीठ आणि प्रार्थनामंदिर या दोन्ही ठिकाणी एकाच मनाने वावरणाऱ्या या पंडिताला धर्मनिर्बंध आणि तत्त्वज्ञान यांच्या एकत्वाचा विषय आकर्षक वाटावा, हे स्वाभाविक होते. त्यांच्या लेखनाचे बळ येथे आहे आणि त्याची मर्यादाही येथेच आहे.

प्रश्न जुना आहे. कॉर्डोबा येथे जन्मलेला आणि १२०४ मध्ये इजिप्तमध्ये निवर्तलेला मायमोनिडीस दोन महाग्रंथांचा कर्ता होय. 'मिश्ने तोरा' ११७०–८० या दशकात हिब्रूत सिद्ध झाली. 'संभ्रमितांचा मार्गदर्शक' हा तत्त्वज्ञानपर ग्रंथ ११९० च्या सुमारास अरबी भाषेत, हिब्रू लिपीत लिहिला गेला. पुढील वाचकांनी या दोहोंची वाटणी करून घेतली : तालमुदाच्या पाठशाळांनी पहिला घेतला, तत्त्वज्ञांनी दुसरा. विसाव्या शतकात लिओ स्ट्राउस यांनी १९५२ च्या 'पर्सिक्यूशन अँड द आर्ट ऑफ रायटिंग' या ग्रंथात या दुभंगाला निराळीच धार दिली. मायमोनिडीसने आपले खरे मत ओळींच्या आड दडविले असून त्याच्या विसंगती हेतुपूर्वक पेरलेल्या आहेत, असे त्यांचे प्रतिपादन. त्याला आधार नाही असे नव्हे. ग्रंथातील काही विसंगती बुद्धिपुरस्सर आहेत, हे 'मार्गदर्शका'च्या प्रस्तावनेत मायमोनिडीस स्वतःच सांगतो.

ट्वर्स्की यांचे उत्तर १९८० च्या 'इंट्रोडक्शन टु द कोड ऑफ मायमोनिडीस' या ग्रंथात सविस्तर आले आहे. ते वादाच्या आवेशाने येत नाही. संहितेच्या रूपाची, व्याप्तीची, वर्गीकरणाची, भाषेची तपासणी करीत येते. भाषेचेच पाहावे. मायमोनिडीसने बायबलची हिब्रू टाळली आणि तालमुदाची ॲरमेइकही टाळली. त्याने मिश्नाची सुबोध हिब्रू घेतली. संहितेचे अरबी भाषांतर करण्याची सूचना पुढे झाली असता, तिचे माधुर्य त्यात हरपेल म्हणून त्याने नकार दिला. ज्याला केवळ निर्णयांची यादी द्यावयाची आहे त्याला माधुर्याची चिंता कशाला? व्याप्तीचाही अर्थ असाच लागतो. सोळाव्या शतकात योसेफ कारोने 'शुल्हान आरुख' रचताना नित्य आचरणापुरतेच नियम घेतले. मायमोनिडीसने मात्र शतकानुशतके बंद पडलेले यज्ञविधी, मंदिराची व्यवस्था आणि राजधर्म यांनाही पूर्ण जागा दिली, आणि या साऱ्याच्या आधी 'ज्ञानग्रंथ' ठेवून त्याचा प्रारंभ ईश्वराच्या अस्तित्वापासून व सृष्टीच्या रचनेपासून केला.

ट्वर्स्की यांच्या विवेचनाचा सर्वांत रसाळ भाग म्हणजे संहितेतील समारोपांकडे त्यांनी वेधलेले लक्ष. दासविषयक नियमांच्या शेवटी मायमोनिडीस म्हणतो की, परकीय दासाकडून कठोरपणे काम करून घेण्यास निर्बंधाची आडकाठी नाही. परंतु धर्मशील व शहाण्या माणसाने त्याला आपल्या ताटातले सर्व पदार्थ द्यावेत, शब्दानेही त्याचा अपमान करू नये, त्याचे गाऱ्हाणे शांतपणे ऐकावे. शुद्धिस्नानाच्या नियमांचा शेवट आत्म्याने ज्ञानाच्या जलात स्नान करण्याच्या विचाराने होतो. असे समारोप वेचून पाहिले म्हणजे कोरड्या नियमांच्या पोटात एक विचारसूत्र वाहत असल्याचे प्रत्ययास येते. ट्वर्स्की यांचे गद्य लांबलचक वाक्यांचे आणि तळटिपांच्या ओझ्याने वाकलेले आहे, पण या पानांवर ते हलके होते.

तथापि समन्वयाची ओढ येथे कधीकधी पुराव्याच्या पुढे धावते. यज्ञबलींचे उदाहरण निर्णायक आहे. लोकांची जुनी सवय एकदम सुटणारी नव्हती म्हणून ईश्वराने बलिविधीला सवलत दिली, असे 'मार्गदर्शक' सांगतो. संहिता मात्र त्याच बलींची गणना ज्यांचे कारण उमगत नाही अशा आज्ञांमध्ये करते आणि मसीहाच्या काळी ते पुन्हा सुरू होतील असे बजावते. सवलत म्हणून दिलेली गोष्ट भविष्यकाळी पुन्हा का सुरू व्हावी? आज्ञांच्या कारणमीमांसेविषयी ट्वर्स्की यांनी पुष्कळ आणि उत्तम लिहिले आहे, पण ही गाठ त्यातून सुटत नाही. तिच्यावरून हात फिरविला जातो, इतकेच. स्ट्राउस यांचा निष्कर्ष अमान्य करणाऱ्यालाही त्यांनी दाखविलेली तेढ मान्य करावी लागते.

म्हणूनच १९८० चा ग्रंथ वाचल्यावर त्यांच्या १९६२ च्या 'राबाद ऑफ पोस्किएर' या पहिल्या ग्रंथाकडे परत जावे, तेही हा क्रम उलटा असूनही. दक्षिण फ्रान्समधील अब्राहम बेन डेव्हिड, म्हणजे राबाद (मृत्यू ११९८), हा 'मिश्ने तोरा'चा पहिला मोठा टीकाकार. मायमोनिडीसने आधारग्रंथांची व पूर्वसूरींची नावे गाळली, यावर त्याचा पहिला रोख. हा आक्षेप किती मूलगामी आहे हे हेमाद्रीचा 'चतुर्वर्गचिंतामणी' हाताळणाऱ्याला सांगावे लागत नाही. तेथे प्रत्येक वचन आपल्या स्मृतिकाराचे नाव घेऊन उभे राहते आणि वाचकाला तोलून पाहण्याची मोकळीक देते. मायमोनिडीसलाही पुढे याची जाणीव झाली, आणि आधारांचा स्वतंत्र ग्रंथ करण्याचा मनोदय त्याने पत्रातून कळविला. तो ग्रंथ सिद्ध झाला नाही. राबादच्या टीपा केवळ वैराच्या नाहीत, त्यांत पूरक स्पष्टीकरणही आहे, हे ट्वर्स्की यांनी साधार दाखविले. प्रतिपक्षाचे ऐकून घेण्याची त्यांची शक्ती या पहिल्या ग्रंथात अधिक ताजी आहे.

मायमोनिडीस ज्या वाचकांसाठी लिहीत होता, त्यांची एक झलक ल्युनेलच्या पंडितांना धाडलेल्या त्याच्या पत्रात मिळते. हिंदुस्थानातील यहुदी तोरा जाणत नाहीत. ते शब्बाथ पाळतात आणि आठव्या दिवशी मुलांची सुंता करतात, एवढेच, असे तो लिहितो. पत्रात कोकणाचे नाव नाही. तरी ते वाक्य अभ्यासक मराठी बोलणाऱ्या बेने इस्रायलांशी जोडीत आले आहेत. गुरूवाचून राहिलेल्या अशा समाजांना एकाच ग्रंथात सर्व धर्म हाती देणे, हा संहितेचा हेतू. आणि ज्याच्या हाती दुसरा ग्रंथच नाही त्याला नावे गाळलेली संहिता तपासून पाहता येत नाही, ही राबादच्या आक्षेपाची बाजू.

याच राबादची सर्वांत तीव्र टीप ईश्वराच्या देहाविषयी आहे. ईश्वराला देह आहे असे मानणाऱ्याला मायमोनिडीस पाखंडी ठरवितो. राबाद स्वतः त्या मताचा नव्हता. पण धर्मवचनांच्या शब्दार्थाने चकलेल्या, मायमोनिडीसहून थोर अशा माणसांनाही हे नाव का लावावे, असे तो विचारतो. १९८० च्या ग्रंथात असे प्रश्न येतात खरे, पण अखेरचा शब्द बहुधा मायमोनिडीसचा असतो. १९६२ च्या ग्रंथात पोस्किएरचा तो म्हातारा अद्याप उत्तराची वाट पाहत बसलेला आहे.